पापलेटाचा नवस

सेठ झिराडकरचं नाव ऐकलं की मुंबईचे पाहुणे आधी हसायचे. सेठ म्हटल्यावर त्यांच्या डोळ्यांपुढे गादीवर लोळणारा, बोटात अंगठ्या घातलेला व्यापारी यायचा. नाव तोरातलं, म्हणजे ज्यूंच्या धर्मग्रंथातलं आहे, आदमच्या तिसऱ्या मुलाचं, हे समजावून सांगेपर्यंत चहा निवून जायचा. पण आपल्या ह्या सेठजींकडे पस्तिसाव्या वर्षी होतं काय? एक जुनी गाडी, दोन बॅगा आणि कोपरात सरळ न होणारा उजवा हात. नाव सोनूबाई, हाती कथलाचा वाळा.

सेठ बेसबॉलचा पिचर होता. क्रिकेटमधला बोलर समजा, फक्त हा पळत येत नाही. मैदानाच्या मधोमध मातीच्या उंचवट्यावर उभा राहतो आणि जागच्या जागी अंग पिळून चेंडू फेकतो. एकोणिसाव्या वर्षी अमेरिकेतल्या एका मोठ्या क्लबनं त्याला आपल्या अगदी खालच्या संघात घेतलं, आणि तेव्हापासून तो जो फिरतीला लागला तो लागलाच. फ्लोरिडा, आयोवा, वेस्ट व्हर्जिनिया. मग क्लबनं नारळ दिला. मग टेक्सस, विनिपेग, क्यूबेकमधलं एक गाव, जिथे दोन वर्षं राहून तो फक्त 'बाँजूर' आणि 'मेर्सी' शिकला. मग परत ऑंटारिओ, वेलंड, किचनर आणि सरतेशेवटी लंडन. मधली तीन गावं त्याला स्वतःलाच धड आठवत नाहीत. बारा गावचं पाणी प्यालेला माणूस मोठा चलाख असतो म्हणतात. सेठ अगदी मोजून बारा गावचं पाणी प्याला होता, पण चलाखी काही कुठल्याच नळाला आली नाही.

आता लंडन म्हणजे ते राणीचं लंडन नव्हे. हे टोरांटोहून पश्चिमेला दोन तासांवर असलेलं, मोठ्या युनिव्हर्सिटीचं आणि मोठमोठ्या हॉस्पिटलांचं गाव. उन्हाळ्यात सेठ इथल्या संघाकडून खेळायचा आणि हिवाळ्यात एका हॉस्पिटलात स्ट्रेचर ढकलायचा. टोरांटोतल्या नॉर्थ यॉर्कला राहणाऱ्या त्याच्या आई, सिबिलबाई, मुंबईला फोनवर 'सेठ लंडनला असतो' एवढंच सांगून गप्प बसायच्या. भायखळ्याच्या एका मावशीनं त्यावर सेठकडे लॉर्ड्सचे पास मागितले होते.

त्या वर्षी मेच्या पहिल्या आठवड्यात सेठपुढे दोन माणसं उत्तर मागत उभी होती. पहिला मायकल, लंडनच्या संघाचा मॅनेजर. सीझन पुढच्या आठवड्यात सुरू होणार होता आणि खेळाडूंची यादी त्याला सोमवारी पाठवायची होती. "सही कर नाहीतर करू नकोस, झी," तो म्हणाला होता, "पण सोमवारी दुपारपर्यंत सांग." झिराडकर हे नाव कुठल्याच गावाला पेललं नव्हतं. सगळीकडे त्याचं 'झी' व्हायचं.

दुसरा संजय, शाळेपासूनचा दोस्त, कॅल्गरीला तेल कंपनीत इंजिनीअर. संजयची मुलगी जिथे शिकायची त्या बेसबॉल अकॅडमीला पूर्ण वेळचा कोच हवा होता. हॉल गरम, काम बारमाही, आणि स्वतः चेंडू फेकायची गरज नाही, फक्त शिकवायचं. "अरे, अप्लायसुद्धा करायला नको, मी बोललोय त्यांच्याशी," संजय फोनवर ओरडला होता. "तू फक्त हो म्हण. मंडेला त्यांना कन्फर्म करायचंय. व्हॉट इज देअर टू थिंक, यार?"

खरंच, विचार करण्यासारखं त्यात होतं काय? डॉक्टरांनी सरळ सांगितलं होतं की अजून एक सीझन खेळलास तर हे कोपर जिथे आहे तिथेच धरेल. आताच सेठ डाव्या हातानं दाढी करत होता. शर्टाचं वरचं बटण उजव्या हातानं लागत नव्हतं. मे उजाडला तरी गाडीचे विंटर टायर तसेच होते, कारण पाना फिरवला की मनगटापासून खांद्यापर्यंत कळ जायची आणि गॅरेजात गेलं की तिथले लोक हाताकडे बघायचे. दुसरा कोणीही डोळे मिटून कॅल्गरीची वाट धरली असती. सेठला ती धरता येत नव्हती, आणि त्याचं कारण होतं मासळी.

सोळा वर्षांपूर्वीची गोष्ट. फ्लोरिडाला निघायच्या आदल्या संध्याकाळी सेठ पाणी प्यायला स्वयंपाकघराकडे गेला आणि दारातच थबकला. रथात बसून आकाशात निघालेल्या प्रेषित एलियाहू हन्नबीची तसबीर सगळ्या बेने इस्राएली घरांसारखी त्यांच्याही घरात होती. तिच्यापुढे सिबिलबाई डोक्यावर पदर घेऊन उभ्या होत्या. त्या हळूच पण स्पष्ट म्हणत होत्या, "एलियाहू हन्नबी, माझ्या सेठच्या हातून बॉल सुटू दे. तोवर मासळीला तोंड लावणार नाही. सुटला की तुझा मालिदा करीन."

सेठ पाणी न पिताच मागे फिरला. त्याला गहिवरून आलं होतं. कारण त्या वर्षी त्याचं दुखणंच ते होतं, बॉल हातून सुटायचा नाही. तो बोटांत क्षणभर जास्त राहायचा आणि भलतीकडे जायचा. कोच दिवसभर "रिलीज, रिलीज" म्हणून ओरडायचा. आईला खेळातलं ओ की ठो कळत नाही अशी त्याची समजूत, आणि बघा, तिनं नेमकं तेवढंच मागितलं होतं! हातून बॉल नीट सुटू दे. सुटला की पोरगं वर जाईल, मोठ्या लीगमध्ये चमकेल, मग पोहे, गूळ, खोबऱ्याचा मालिदा होईल आणि आई पापलेट खाईल.

आणि आई म्हणजे साधीसुधी नव्हे, अलिबागकडची. ज्या घरात आठवड्याचे वार मासळीवरून ओळखले जात, त्या घरातली. दुसरे लोक देव पाण्यात ठेवतात, सिबिलबाईंनी पाण्यातलं सगळं ताटाबाहेर ठेवलं. नवस असा कोणाला सांगायचा नसतो, सांगितला की फळत नाही. म्हणून त्या बोलल्या नाहीत आणि सेठनं विचारलं नाही. कोणी विचारलंच तर त्या म्हणायच्या, "आताशा पचत नाही." पण सेठ घरी आला की त्याच्यासाठी मात्र पापलेट तळलं जायचं, आणि त्या समोर बसून वरणभात खायच्या.

सुरुवातीला त्या समोरच्या वरणभातानं सेठला बळ यायचं. तिसाव्या वर्षानंतर तोच वरणभात त्याच्या घशाशी यायला लागला. आपण मोठ्या लीगमध्ये जात नाही हे त्याला कळून चुकलं होतं. पण सोडलं तर नवस कायमचा अर्धा राहील. वडील, सॉल, सात वर्षांपूर्वी गेले. आई एकाहत्तरची झाली. तिनं मासळी न चाखता डोळे मिटले तर ते पाप कोणाच्या माथी? खेळत राहिलं तर निदान आशा तरी जिवंत, म्हणून तो खेळत राहिला. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं, अशी त्याची सोळा वर्षांतली शेवटची पाच गेली.

लंडनच्या मैदानावर कपडे बदलायच्या खोलीकडे जाताना भिंतीवर एक जुना फोटो होता. अमोस टकर, पिचर, १९११. अरुंद कपाळ, मोठे कान, आणि खाली चौदा गावांची नावं. त्या काळी एकदा सही केली की माणूस क्लबचा व्हायचा. क्लबनं विकला तर दुसऱ्याचा, पण स्वतःचा कधीच नाही, हे मायकलनं सेठला एकदा सांगितलं होतं. "आता बरंय," मायकल म्हणाला होता, "आता कोणी बांधून ठेवत नाही." सेठ हसला होता. टकरला निदान कागद दाखवता येत होता. ह्याला बांधलं होतं ते तळलेल्या पापलेटानं, आणि हे सांगणार कोणाला? मायकलला? तो म्हणाला असता, मग मॉमला चिकन दे.

तर त्या रविवारी सेठ नॉर्थ यॉर्कला निघाला तेव्हा त्याचं ठरलं होतं. मायकलला हो म्हणायचं, आईला तसं सांगायचं आणि कोपराला जे व्हायचं ते होऊ द्यायचं. हायवेवर दोन तास तो डाव्या हातानं स्टिअरिंग धरून होता. कॅल्गरीचा विचार येऊ नये म्हणून त्यानं रेडिओ मोठा केला होता. पण विचार काय, रेडिओला थोडाच घाबरतो. गरम हॉल दिसत होता, चेंडू धरायला शिकणारी मुलं दिसत होती, आणि त्याला खूप खूप तिथे जावंसं वाटत होतं. एवढ्या मोकळ्या रस्त्यावर त्याचा जीव कोंडून गेला होता.

सिबिलबाईंचा कॉन्डो बाराव्या मजल्यावर. लिफ्टमध्येच तळणीचा वास आला.

"आलास? हात धू. विंटर टायर काढलेस का?" त्यांनी दारातच विचारलं.

"नेक्स्ट वीक, मम्मी."

"दर वीकला तुझा नेक्स्ट वीक." त्यांनी त्याच्या उजव्या हाताकडे पाहिलं आणि नजर वळवली. ते त्याला दिसलं.

टेबलावर त्याच्यापुढे अख्खं पापलेट आलं, हळद-तिखट लावून खरपूस तळलेलं. समोर त्यांचा वरणभात. त्यांनी जेवणाआधीची ब्राखा म्हटली, दोघांनी आमेन म्हटलं. सेठनं पापलेटाला हात लावला नाही. आधी सांगून टाकावं, मग जे गळ्याखाली उतरेल ते उतरेल.

"मम्मी, गुड न्यूज आहे," तो म्हणाला. "मी साइन करतोय. अजून एक सीझन. ह्या वर्षी बॉल मस्त सुटतोय. आय मीन, कोच पण म्हणतो."

सिबिलबाईंच्या हातातला घास ताटात पडला. "अजून?" त्या म्हणाल्या. "अरे देवा, अजून?"

"व्हॉट डू यू मीन, अजून?"

"मला वाटलं, ह्या वर्षी तरी..." त्या थांबल्या. कपाळाला हात लावला. "काही नाही. जेव तू."

सेठला राग आला. पाच वर्षं साचलेला राग होता, एकदम वर आला. "व्हॉट, ह्या वर्षी तरी मोठ्या लीगमध्ये जाईल? आय ॲम थर्टी-फाइव्ह, मम्मी! मी नाही जाणार तिकडे, कधीच नाही. आय नो, तुझा नवस आहे. आय हर्ड यू, ओके? मी दारात होतो. सोळा वर्षं मी तेच ट्राय करतोय ना! तू मासळी खावीस म्हणून. हा हात बघ! फॉर यू!"

सिबिलबाईंचा चेहरा पांढरा पडला होता.

"तू ऐकलंस," त्या म्हणाल्या. "काय ऐकलंस?"

"'सेठच्या हातून बॉल सुटू दे.' यू प्रेड फॉर माय रिलीज."

"कसला रिलीज?"

"रिलीज, मम्मी! बॉल हातातून सुटतो ना, टाकताना. तो नीट सुटावा म्हणून."

त्या त्याच्याकडे बघतच राहिल्या. मग अगदी हळू, लहान मुलाला समजावावं तसं बोलल्या. "सेठ, तुझ्या बाबांची सिगारेट सुटली. कशी सुटली?"

"ही क्विट."

"मग? मी चहातली साखर सोडली होती त्यांच्यासाठी. तू चार वर्षांचा होतास. सिगारेट सुटली, मालिदा केला. शेजारच्या मायलेकींचं भांडण सुटलं. ताप सुटतो. नाद सुटतो." त्यांचा आवाज चिरला. "तुझ्या हातून तो बॉल सुटू दे म्हणजे सुटू दे, रे! कायमचा. परत हातात येऊ नये असा. परक्या देशात, बसमध्ये झोपून, कोणाचं काय खातोस, शब्बाथ नाही, घर नाही. मला नको होतं ते. पहिल्या दिवसापासून नको होतं."

सेठला आधी ते नीट कळलंच नाही. तो शब्द त्यानं मनात उलटा केला, सुलटा केला. नॉर्थ यॉर्कच्या शाळेत शिकलेल्या पोराचं मराठी ते, घरापुरतं, जेवणापुरतं. त्याला 'सुटणं' एकच माहीत होतं, बोटांतलं.

"पण तू मॅचेसना यायचीस," तो म्हणाला. "किचनरला, वेलंडला. डोळे मिटून प्रार्थना करायचीस. आय सॉ यू."

"करायची ना. तू दर बॉल टाकलास की म्हणायची, हा शेवटचा असू दे."

सेठ हसला. निदान सुरुवात हसण्यासारखी झाली, पुढे ते हसणं राहिलं नाही. "मग सांगितलं का नाहीस? व्हाय डिडन्ट यू जस्ट टेल मी?"

"नवस सांगतात का कधी? आणि तुझे बाबा म्हणाले, सिबिल, पोराला आवडतंय, आड येऊ नकोस. तू घरी यायचास तो हसत यायचास."

"तुझ्यासाठी हसत होतो!"

"मला काय ठाऊक? मी म्हटलं, एवढा खूश आहे, आपण कसं तोडायचं? देवानंच हळूहळू सोडवावा." त्यांनी पदरानं डोळे पुसले. "सोळा वर्षं, बाई. सोळा वर्षं दोघं एकमेकांसाठी."

खाली रस्त्यावर बस थांबली, निघून गेली. सिबिलबाईंनी नाक पुसलं, खुर्ची पुढे ओढली आणि जरा उजळ चेहऱ्यानं त्याच्याकडे पाहिलं. सगळं मिटलंच होतं की आता. गाठ सापडली होती, फक्त टोक ओढायचं होतं.

"मग?" त्या म्हणाल्या. "आता सांग. सही करतोस का?"

सेठनं तोंड उघडलं. नाही म्हणायचं, एवढं सोपं होतं. आड कोणीच नव्हतं आता. आणि त्याच्या तोंडून आलं, "एकच सीझन, मम्मी. लास्ट."

ते ऐकून त्याचा त्यालाच धक्का बसला. हे कोण बोललं? कॅल्गरी हवी असलेला माणूस गेला कुठे? पण हात टेबलाखाली आपोआप मुठीत वळला होता, चेंडू धरल्यासारखा, आणि कोपरातून कळ गेली तरी उघडत नव्हता. तो घाबरला. इतकी वर्षं आईकडे बोट दाखवून निभावलं होतं. आज आई बाजूला झाली आणि दाराशी तो स्वतःच उभा. पिचर नाही तर मग तो कोण? स्ट्रेचर ढकलणारा? पस्तिसाव्या वर्षी नव्यानं काय व्हायचं असतं माणसानं? "यू कॅन वेट वन मोअर इयर, ना?" तो खाली मान घालून म्हणाला. "एवढी थांबलीस..."

त्याचं वाक्य त्यालाच ऐकवेना, पण बोलून झालं होतं.

सिबिलबाईंनी हात लांब केला आणि सेठच्या ताटातल्या पापलेटाचा, पाठीकडचा, जाडसर तुकडा मोडला. सेठला वाटलं, काटा काढून आपल्याला देणार. लहानपणी द्यायच्या. त्यांनी तो स्वतःच्या तोंडात घातला.

"मम्मी! व्हॉट आर यू डूइंग?"

त्यांनी सावकाश चावला. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि तोंड चालूच होतं. एलियाहू हन्नबीची तसबीर त्यांच्या पाठीमागेच होती, तिकडे त्यांनी वळून पाहिलं नाही. जी बाई योम किप्पूरच्या उपासाला तापातसुद्धा पाण्याचा थेंब घेत नसे, ती भर दुपारी आपला नवस मोडत होती. घास गिळून त्या म्हणाल्या, "मीठ कमी आहे. चाखायचं नाही तर कळणार कसं? सोळा वर्षं असलंच खाल्लंस?"

"तू... नवस..."

"मोडला. माझं आणि त्याचं मी बघून घेईन, मेल्यावर विचारील तो मला." त्यांनी दुसरा तुकडा मोडला. "आता माझ्यासाठी खेळतो म्हणायचं नाही. मी थांबलेय असंही म्हणायचं नाही. मी कोणासाठी थांबलेली नाही. मी जेवतेय. तुला पाहिजे तर अजून दहा वर्षं खेळ, हात तुझा, तोड नाहीतर ठेव." आणि दुसराही घास त्यांनी खाल्ला.

सेठ बघत राहिला. आईचा तो सुरकुतलेला जबडा, ओठांना लागलेली हळद, गालांवरचं पाणी. त्याला तिची अतोनात दया आली, आणि मग स्वतःची लाज. आता समोर वरणभात नव्हता. उपाशी कोणी नव्हतं. कोणाच्या नावानं चेंडू फेकायचा, ते तो आत शोधू लागला. सगळ्या खोल्या उघडून पाहिल्या, आणि आत एक दुखणारं कोपर तेवढं निघालं. खेळाची हौस कधीच संपली होती, बहुतेक टेक्ससातच. त्याला एकदम हलकं वाटलं, इतकं की रडू आलं. टेबलाखालची मूठ त्यानं डाव्या हातानं, एकेक बोट करून उघडली.

"मम्मी," तो म्हणाला. "मी सोडतो."

"काय सोडतोस? जेवण?"

"बॉल. खेळणं. मायकलला आता फोन करून 'नाही' म्हणून सांगतो. संजय आहे ना, कॅल्गरीचा, त्यानं जॉब बघितलाय, मुलांना शिकवायचा. नेक्स्ट वीक नाही, एक सीझन नाही. सुटला, मम्मी. आत्ता सुटला."

सिबिलबाईंचा चावणारा जबडा थांबला. त्यांनी सेठकडे पाहिलं, आपल्या तेलकट बोटांकडे पाहिलं, मग ताटातल्या अर्ध्या पापलेटाकडे. त्यांच्या चेहऱ्यावर आनंद इतका झपाट्यानं आला की त्यांचं त्यांनाच सोसेना, आणि त्याच्या पाठोपाठ दुसरंच काहीतरी आलं. त्यांनी उष्ट्या हातानंच कपाळ बडवून घेतलं.

"अरे मेल्या," त्या हुंदका देत म्हणाल्या, "दोन घास आधी बोलला असतास, तर नवस फिटला असता रे!"